मान फिरवणारं यंत्र

“मग फरक काय उरला, आक्का? तेवढा सांगा.”

नीलव्वा आक्का एका म्हातारीची नखं काढत होत्या. त्यांनी वर पाहिलं नाही.

सुव्रत मगदूमनं पुन्हा विचारलं, “हात तुमच्यासारखे. वेग तुमच्यासारखा. दाब तुमच्याइतका. तळव्याची ऊबसुद्धा मोजून तेवढीच ठेवलीय. मग तुमच्यात आणि याच्यात फरक तो काय?”

“जरा बाजूला हो,” आक्का म्हणाल्या. “उजेड अडतोय.”

सुव्रत बाजूला झाला. त्याच्या मागे उभं असलेलं यंत्रही बाजूला झालं.

म्हातारी हसली. आक्का हसल्या नाहीत.

हिरण्यकेशी नदीच्या काठाला हा जुना मठ. मठाचे शेवटचे स्वामी अंथरुणाला खिळले, तेव्हा गावातली एक विधवा रोज येऊन त्यांचं सगळं करू लागली. स्वामी गेले. जाताना एवढंच म्हणाले, “नीलव्वा, दार लावू नको.”

तिनं लावलं नाही.

ज्यांचं करायला घरात कुणी उरलेलं नव्हतं, अशी माणसं त्या दारातून येत राहिली. त्याला चाळीस वर्षं झाली. सभामंडपात आता चौदा खाटा आहेत, आणि नीलव्वाला सगळा मुलूख आक्का म्हणतो.

आक्का प्रवचन करत नाहीत. तरी लोक प्रश्न घेऊन येतात. आक्का त्यांच्या हातात बादली देतात.

बारा वर्षांपूर्वी सुव्रतच्या हातातही दिली होती.

तेव्हा तो बावीस वर्षांचा होता. इंजिनिअरिंग नुकतंच संपलेलं, डोक्यात वैराग्य. आता जन्मभर इथंच राहायचं, असं त्यानं स्वतःच ठरवून टाकलं होतं. सोळा दिवस राहिला. सतराव्या दिवशी तिसऱ्या खाटेवरच्या एका म्हातारीच्या पाठीची जखम उघडली. जखमेत किडे होते. सुव्रत मागच्या भिंतीपाशी जाऊन भडाभडा ओकला, आणि कुणाला न सांगता सकाळच्या एस.टी.त बसला.

जाताना त्याच्या डोळ्यांपुढे एकच गोष्ट होती. त्या जखमेवर फिरणारे आक्कांचे हात. भाकरी थापावी इतके सहज.

त्यानं मनाशी हिशेब मांडला. जगात दोन जातीची माणसं असतात. एक, ज्यांना किळस येत नाही. ते संत. दुसरी आपल्यासारखी. हे काम आपलं नव्हे.

पण ती म्हातारी काही मनातून जाईना.

पुढे पुण्यात त्यानं यंत्रमानवांचं शिक्षण घेतलं, प्रयोगशाळा उभी केली, आणि दहा वर्षं एकाच गोष्टीच्या मागे लागला. ज्यांना किळस येणारच नाही असे हात घडवायचे.

गेल्या दिवाळीनंतर तो मठात परत आला. आक्कांच्या पाया पडला. एस.टी.चा विषय त्यानं काढला नाही, आक्कांनीही काढला नाही.

“तुमचं काम बघायचंय,” तो म्हणाला. “कॅमेरे लावून. तीन महिने.”

“बघ की. बघायला कुणाची ना हाय?”

खाटांवर कॅमेरे लागले. आक्कांच्या मनगटांवर हालचाल मोजणारे पट्टे बसले. कूस कशी बदलायची, फडकं किती पिळायचं, जखमेच्या कडेनं बोट कसं न्यायचं, सगळं टिपलं गेलं. ते बघून बघून यंत्र शिकलं. कुणी त्याला शिकवलं नाही. आईकडे बघून लेकरू शिकतं, तसंच ते शिकलं.

होळीच्या आधी सुव्रत यंत्र घेऊन आला.

माणसाएवढी उंची. दोन हात, मऊ तळवे. गोलसर चेहरा, आणि त्यात बघण्यापुरते दोन डोळे. पाय नव्हते, चाकं होती.

आक्कांनी त्याचा तळवा हातात घेतला.

“ऊन हाय,” त्या म्हणाल्या. मग म्हणाल्या, “बरं झालं. माझी पाठ गेलीय. उचलायला होईल.”

सुव्रतला ते लागलं. त्यानं शिष्य आणला होता. आक्कांनी हमाल पाहिला.

त्या दिवसांत मठात भैरू हवालदार होता.

बत्तीस वर्षं पोलिसात काढलेला गडी. कमरेखालचं अंग गेलेलं, आवाज मात्र शाबूत. बायको वारली, लेक परमुलखात. पाठीला, कमरेच्या जरा वर, पडून पडून जखम झाली होती. पण हवालदार कुणाला अंगाला हात लावू देत नसे.

“परक्या बाईनं माझं धुवायचं? त्यापरास मेलेलं बरं!”

मठात मदत करणाऱ्या शांताबाईंनी एकदा चादर उचलली, तर त्यानं घमेलं भिरकावलं. एक गडी माणूस बोलावून पाहिला, त्याला शिव्या. स्वतः आक्का गेल्या, तेव्हा तो ओरडला नाही. भिंतीकडे तोंड करून रडला. आक्का परत आल्या.

तालुक्याहून डॉक्टर आले. म्हणाले, “ही रोज साफ झाली नाही, तर विष रक्तात जाईल. मग आठ-दहा दिवसांचा खेळ.”

आक्कांनी सुव्रतला विचारलं, “तुझं हे यंत्र कुणाला घाण म्हणतं का?”

“त्याला घाण म्हणजे काय तेच कळत नाही, आक्का.”

“मग हवालदाराकडं ने.”

हवालदारानं यंत्राला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं.

“नाव काय रे तुझं?”

“मला नाव नाही,” यंत्र म्हणालं.

“मग आजपासनं तू शिपाई.”

हवालदार बराच वेळ त्याच्या डोळ्यांत बघत राहिला. त्या डोळ्यांत काहीच नव्हतं. कीव नव्हती, कंटाळा नव्हता.

त्यानं स्वतःच्या हातानं चादर बाजूला केली.

यंत्रानं त्याला अलगद कुशीवर घेतलं. जखम धुतली, पुसली, मलम लावलं, पट्टी बांधली. पंधरा मिनिटांत सगळं. हवालदार डोळे मिटून पडला होता.

“ह्याच्यापुढं लाज वाटत न्हाई, आक्का,” तो नंतर म्हणाला. “भिंतीपुढं कोण लाजतंय?”

आक्कांनी मान डोलावली.

आठ दिवस हे चाललं. जखमेच्या कडेला नव्या मांसाची लाली दिसू लागली. हवालदार दोन भाकऱ्या खाऊ लागला, शिपायाला ‘सावधान’ आणि ‘विश्राम’ शिकवू लागला. सुव्रतचे पाय जमिनीवर राहिनात. आठव्या दिवशीच त्यानं आक्कांना तो प्रश्न विचारला होता... फरक तो काय?

नवव्या दिवशी सकाळी यंत्र हवालदाराच्या खाटेपाशी आलं. त्यानं त्याला कुशीवर घेतलं, भिंतीकडे तोंड करून.

समोरच्या खाटेवर तात्या कोष्टी असे. साधा माणूस, मनात काही न ठेवणारा. तो कौतुकानं म्हणाला, “हवालदार, तुमचा शिपाई अगदी माणसागत झालाय बघा. पट्टी काढायच्या आधी मान फिरवतोय.”

“काय करतोय?”

“मान फिरवतोय. पलीकडं. रोज फिरवतोय की.”



हवालदारानं हाताच्या जोरावर खांदा मागे वळवला. चेहरा घामानं भरला.

“शिपाई. पट्टी काढ.”

यंत्रानं हात पुढे केला. पट्टीच्या टोकाला बोट लावलं. आणि मान डावीकडे वळवली. अर्ध्या श्वासापुरती. मग पुन्हा समोर आणली.

हवालदारानं त्याच्या हातावर फटका मारला.

“तुला बी?”

एवढंच म्हणाला. चादर गळ्यापर्यंत ओढून घेतली.

त्या दिवशी त्यानं कुणाला जवळ येऊ दिलं नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. जखमेचा वास तीन खाटांपलीकडे येऊ लागला. हवालदाराच्या अंगात ताप भरला.

सुव्रत चक्रावला. हे यंत्रात आलं कुठून? त्यानं तर घातलं नव्हतं. दुपारभर तो कट्ट्यावर लॅपटॉप घेऊन बसला. आधी वाटलं, कुठेतरी बिघाड आहे. बिघाड सापडेना. मग त्यानं आक्कांचं ते तीन महिन्यांचं चित्रण पहिल्यापासून लावलं.

इतके दिवस त्यानं फक्त हात पाहिले होते. आज पहिल्यांदा चेहरा पाहिला.

पहिली खाट. आक्कांचं बोट पट्टीच्या टोकाला. मान डावीकडे. अर्धा श्वास. मान परत.

दुसरी खाट. तेच.

पाचवी. नववी. सकाळची, संध्याकाळची. मार्गशीर्षातली, पौषातली. एकदाही चुकलं नव्हतं.

सुव्रतनं लॅपटॉप मिटला.

आक्का परसात फणसाखाली बसून जुन्या धोतराच्या पट्ट्या फाडत होत्या. तो समोर जाऊन उभा राहिला.

“आक्का, पट्टी काढायच्या आधी तुम्ही मान फिरवता.”

“हूं.”

“काही मंत्र म्हणता?”

“न्हाई.”

“देवाचं नाव?”

“न्हाई.”

“मग?”

आक्कांनी एक पट्टी फाडली. कापड टरकन फाटलं.

“किळस येते.”

सुव्रतला वाटलं, आपण चुकीचं ऐकलं.

“कुणाची?”

“जखमेची. वासाची. कुणाचीबी असू दे. स्वामींची बी यायची.”

“चाळीस वर्षं?”

“रोज.”

तो फणसाच्या पाल्यात बसला, पँटचा विचार न करता.

“पण मला वाटलं... तुम्हाला येतच नाही. तुमचे हात बघून वाटलं. म्हणून तर मी गेलो, आक्का. म्हटलं, ज्यांना येत नाही त्यांचंच हे काम.”

“इचारायचं होतंस.”

“तुम्हीही सांगितलं नाहीत.”

“तू एस.टी.त बसलास. मागं पळत पळत सांगू होय?”

दहा वर्षं सुव्रतनं रात्रीचा दिवस केला होता, लोकांनी त्याला हार घातले होते. त्या सगळ्याच्या तळाशी एक चूक होती, आणि ती चूक यंत्राची नव्हती.

तो म्हणाला, “मी ते काढून टाकतो. मान फिरवणं. घटकाभराचं काम आहे. मग हवालदार पुन्हा करून घेईल.”

“आता न्हाई घ्यायचा. त्याच्यापुढं भिंत होती तवर त्यानं सोसलं. आता तिथं कुणीतरी उभं हाय असं त्याला वाटाय लागलंय.”

“पण तिथं कुणी नाहीये, आक्का!”

“त्याला सांगून बघ.”



आक्का गुडघ्यावर हात टेकून उठल्या. पट्ट्यांची चळत सुव्रतच्या हातात ठेवली.

“चल.”

हवालदार भिंतीकडे तोंड करून पडला होता. आक्का खाटेच्या कडेला बसल्या. यंत्र पायथ्याशी उभं होतं.

“हवालदार, शिपायाची चूक न्हाई. ते माझ्याकडनं शिकलंय. मान मी फिरवते.”

हवालदारानं हळूहळू तोंड वळवलं.

“तुम्ही?”

“मी.”

“तुम्हास्नी किळस येते?”

“येते.”

“मग कशापायी करता?”

आक्कांनी सुव्रतकडे बोट केलं. “ह्याला माझ्यापरास जास्ती येते. बारा वर्षांमागं ह्याच मंडपातनं पळालाय. आज हा करणार हाय.”

हे काही ठरलं नव्हतं.

हवालदारानं त्याला न्याहाळलं. पोलिसात असताना चौकीत आणलेल्या माणसाकडे बघत असेल, तसंच.

“नाव?”

“सुव्रत मगदूम.”

“कुठनं पळालास?”

“त्या तिथून. तिसऱ्या खाटेपासून.”

“कशानं?”

“ओकारी आली.”

“आता पळशील?”

सुव्रतच्या तोंडात ‘नाही’ आलं होतं. त्यानं ते गिळलं.

“माहीत नाही.”

हवालदाराच्या मिशीत काहीतरी हललं.

“बत्तीस वर्षांत पयला गडी खरं बोलला,” तो म्हणाला, आणि चादरीवरची मूठ सोडली. “शिपाई, धर.”

यंत्रानं त्याला कुशीवर घेतलं आणि तसंच धरून ठेवलं. सुव्रतनं पट्टीच्या टोकाला बोट लावलं.

दोन दिवसांचा वास एकदम वर आला.

त्याची मान वळली. त्यानं वळवली नाही, ती वळली. डावीकडे उशाकडची भिंत होती, भिंतीत एक गंजका खिळा होता. तो त्या खिळ्याकडे बघत राहिला. अर्धा श्वास गेला. एक श्वास गेला. दुसरा गेला. घशात आंबट पाणी आलं. मागे दार उघडं होतं, आणि त्याला ते न बघताही दिसत होतं.

यंत्र हललं नाही. ते दमणारं नव्हतं. तासभर, दिवसभर तसंच धरून उभं राहिलं असतं.

भिंतीकडे तोंड असलेल्या हवालदारानं विचारलं, “गेला का?”



सुव्रतनं मान परत वळवली.

“इथंच आहे,” तो म्हणाला.

फडक्याचा दाब कमीजास्त होत होता. हवालदार एकदा कळवळून ओरडला, “अरे हळू! म्हस घासतोयस काय!”

“चुकलो.”

“चुकलास तर चुकलास. थांबू नको.”

निम्मं काम झालं आणि सुव्रतला राहवेना. त्यानं फडकं खाली ठेवलं आणि बाहेर धावला. मागच्या भिंतीपाशी ओकला. तीच भिंत. रांजणातून पाणी घेऊन चूळ भरली, हात साबणानं धुतले, आणि दारात येऊन उभा राहिला.

मंडपात सगळं होतं तसंच होतं. यंत्रानं हवालदाराला कुशीवर धरलेलं होतं. आक्का खाटेच्या कडेला बसल्या होत्या. फडक्याला कुणी हात लावला नव्हता.

तो जाऊन आपल्या जागी बसला.

“आलास?” हवालदारानं विचारलं.

“आलो.”

हवालदारानं एकदा नाक ओढलं. त्याचा आवाज जरा बसला होता.

“हं. बांध मग.”

सुव्रत मठात राहिला. पुण्याला फोन करून त्यानं सहकाऱ्यांना सांगितलं, अजून शिकणं बाकी आहे. त्यांना वाटलं, यंत्राचं.

यंत्रातलं मान फिरवणं त्यानं काढून टाकलं. यंत्र उचलायचं, कूस बदलायचं, धरून ठेवायचं. रात्रभर चौदा जणांचे श्वास मोजायचं आणि कुणाचा चुकला तर हाक मारायचं. ते एकदाही चुकलं नाही. आक्कांच्या पाठीला विश्रांती मिळाली. शिपायाचं सगळ्यांना कौतुक होतं.

जखमा सुव्रत धुवायचा. रोज मान वळायची. रोज तो ती परत आणायचा. कधी अर्ध्या श्वासात, कधी तिसऱ्या.

वैशाख लागता लागता हवालदाराची जखम भरली. नवी कातडी आली, गुलाबी, लहान पोराच्या अंगासारखी. त्या दिवशी हवालदारानं सुव्रतला जवळ बोलावलं, बक्षीस काढायला खिशाला हात लावल्यासारखं केलं, पण सदऱ्याला खिसा नव्हता. मग तसाच हात उचलून त्यानं त्याला सलाम ठोकला.

सुव्रत नुसता उभा राहिला.

दुसऱ्या दिवशी नवी माणसं आली. नव्या जखमा आल्या. मग एका सकाळी सुव्रत आक्कांसोबत चुलीपाशी बसला होता. आदल्या दिवशी त्याला दोनदा बाहेर जावं लागलं होतं.

“आक्का...”

“हूं.”

“ही किळस... यायची थांबते कधी?”

आक्कांनी मंडपाच्या कोपऱ्याकडे पाहिलं. तिथं यंत्र उभं होतं. त्याच्या छातीवर हिरवा दिवा लुकलुकत होता.

“ज्याला येत न्हाई, त्याला तिकडं चार्जिंगला लावलंय,” आक्का म्हणाल्या. “तू ऊठ. पाणी निवतंय.”